वय काय लिहू?

२०१२ च्या उन्हाळ्यात आम्ही बालाघाटाच्या डोंगरातल्या एका वाडीवर आधारचा कॅम्प लावला होता. जिल्हा परिषदेची दोन खोल्यांची शाळा, एक लॅपटॉप, बोटांचे ठसे घेणारं यंत्र, डोळ्यांचा कॅमेरा आणि लाइट गेली तर चालवायला भाड्यानं आणलेलं जनरेटर. बी.ए. होऊन मी दीड वर्ष घरी बसून होतो, त्यामुळं हे काम मिळालं तेव्हा आईनं गल्लीत पेढे वाटले होते. दिवसाला साठ-सत्तर माणसं उरकायची असायची. नाव, गाव, बापाचं नाहीतर नवऱ्याचं नाव, वय. वयापाशी रांग अडायची.

"मावशी, वय काय लिहू?"

"ल्ही की काही बी. मला काय ठावं?"

मग मान वर करून एकदा तोंडाकडं बघायचं आणि आकडा टाकायचा. कागद नसेल तर अंदाजे वय लिहायची सोय त्या सॉफ्टवेअरमध्येच होती. डोक्यावरचा पदर, रापलेला चेहरा, किती दात शिल्लक आहेत, यावरून मी पस्तीस, बेचाळीस, एकावन्न असं टाकत गेलो. जन्मसाल आपोआप यायचं. कुणी हरकत घेतली नाही. आमच्याकडं वय हा कागदावरचा विषय आहे. शाळेत नाव घातलेल्या निम्म्या गावाचा जन्म १ जूनचा आहे, कारण गुरुजींनी दाखल करताना तोच लिहिला. शाळेत न गेलेल्यांना ती तारीखही मिळालेली नाही.

मला तो कॅम्प आठवतो, त्यातली माणसं वेगवेगळी आठवत नाहीत. म्हणून नऊ वर्षांनी एका मावशीनं प्लॅस्टिकच्या पिशवीतून आधारची जुनी पावती काढून काउंटरवर ठेवली आणि मी तिच्यावरची तारीख आणि वाडीचं नाव वाचलं, तेव्हा घशाला कोरड पडली. त्या वाडीवरचा कॅम्प आमचाच होता. त्या दिवशी लॅपटॉपवर मीच होतो.

मावशीला श्रावणबाळचा पगार सुरू करायचा होता. पगार म्हणजे निराधार म्हाताऱ्या माणसांना सरकारकडून मिळणारे महिन्याला १००० रुपये. पुढं २०२३ मध्ये त्याचे १५०० झाले. वय ६५ पूर्ण लागतं. माझ्या हातच्या १९६१ सालानं तिचं वय ६० होत होतं. दोन ठिकाणांहून परत पाठवल्यावर कुणीतरी तिला माझ्याकडं धाडलं होतं.

"पाच वर्सं थांब म्हनले. मी काय पाच वर्सं ऱ्हाते व्हय?" ती म्हणाली. "बहात्तरला म्या पाझर तलावावर खडी फोडली बाबा. थोरली कडंवर व्हती. सुकडी खाऊन दिस काढले."

मी बोटावर हिशेब केला. १९६१ चा जन्म धरला तर बहात्तरच्या दुष्काळात मावशी अकरा वर्षांची होते. कडेवर लेकरू, हातात हातोडा आणि वय अकरा.

माझं दुकान तहसीलच्या समोरच्या गल्लीत आहे. बोर्डावर सेवा केंद्र लिहिलंय, लोक झेरॉक्सवाला म्हणतात. सातबारा, आठ-अ, उत्पन्नाचा दाखला, केवायसी, लाइट बिल, पोरांचे परीक्षेचे फॉर्म, थम लावून पैसे काढणं. सरकार आणि माणूस यांच्यात गेल्या दहा वर्षांत जे काही झालं, त्यातलं बरंचसं या तीन फुटी काउंटरवरून गेलंय. शहरातले मित्र जेव्हा म्हणतात की मोबाइलनं देश पालटला, किंवा दुसरे म्हणतात की गरिबाला या मोबाइलचा काही उपयोग नाही, तेव्हा मला दोघांनाही आठवडाभर इथं आणून बसवावंसं वाटतं. सोमवारी बाजार असतो, त्या दिवशीच या म्हणावं.

आधी चांगलं सांगतो, कारण ते खरं आहे. आमच्या आजीला निराधारचे पैसे मिळायचे ते कुणाच्यातरी हातून, आणि हातातून हातात येताना ते कमी व्हायचे. आता रक्कम खात्यात पूर्ण पडते. २०१९ पासून पीएम-किसानचे दोन हजार वर्षातून तीनदा येतात, त्यासाठी कुणाला चहा पाजावा लागत नाही. रेशनच्या यंत्रातून पावती निघते आणि किती किलो दिलं ते तिच्यावर छापलेलं असतं. ऊसतोडीला सांगली-कोल्हापूरकडं नाहीतर बेळगावकडं गेलेल्या माणसाला गावच्या कार्डावर तिथलं धान्य उचलता येतं. पूर्वी सहा महिने तोडीला गेलं की गावातलं धान्य कुणी खाल्लं ते विचारायचीही सोय नव्हती. माझ्या चुलत्यानं तीस वर्षं कोयता चालवला. ही एक गोष्ट त्याच्या तरुणपणी असती तर त्याच्या लेकरांची पोटं थोडी भरली असती, असं तो स्वतः म्हणतो.

पण हे सगळं अंगठ्यावर येऊन थांबतं. अंगठ्याचा आणि आमच्या घराचा जुना संबंध आहे. पणजोबांची चार एकर काळी एका अंगठ्यावर गेली. तेव्हा शाईत बुडवलेला अंगठा कसाही उमटला तरी चालायचा. पुसट आला म्हणून सावकारानं कागद परत केला, असं कुणाच्या ऐकिवात नाही. आता देण्याची वेळ आली तर यंत्र म्हणतं ठसा जुळत नाही. ऊस तोडून, कापूस वेचून, राखेनं भांडी घासून रेषा झिजून गेलेल्या असतात. बाया अंगठा डोक्याच्या तेलकट केसांवरून फिरवतात, पदराला पुसतात, पुन्हा लावतात. मी एकेक करून दहाही बोटं लावून बघतो. बऱ्याचदा करंगळी लागते. कामात सगळ्यात कमी झिजलेलं बोट तेच असतं.

दहा बोटं लावून बघायला दहा मिनिटं लागतात आणि मागं रांग असते. ज्याला घाई आहे तो दोनदा लावून म्हणतो, थम लागत नाही, पुढच्या आठवड्यात या. त्या बाईचं येण्याजाण्याचं भाडं आणि एक दिवसाची मजुरी गेली, हे त्या यंत्रात कुठं नोंदलं जात नाही.

या धंद्यात आल्यावर मी जगात इतरत्र काय चाललंय ते वाचायला लागलो. केनियात २००७ साली एम-पेसा सुरू झालं. स्वाहिलीत पेसा म्हणजे पैसा. शब्द ऐकूनच आपला वाटतो. साधा बटणाचा फोन, इंटरनेट नाही, बँकेत खातं नाही. नैरोबीत काम करणारा माणूस फोनवरून गावी पैसे पाठवतो आणि गावातल्या टपरीवाल्याकडून त्याची आई ते रोख घेते. सुरुवातीला ही सोय बचत गटांच्या कर्जाचे हप्ते भरण्यासाठी करून बघितली होती, पण लोकांनी तिचा उपयोग घरी पैसे धाडायलाच जास्त केला. तवनीत सूरी आणि विल्यम जॅक या दोन अर्थतज्ज्ञांनी वर्षानुवर्षं तिथल्या कुटुंबांची माहिती गोळा केली आणि २०१६ मध्ये हिशेब मांडला, की या सोयीमुळं १ लाख ९४ हजार कुटुंबं, म्हणजे केनियातली दर शंभरातली दोन, गरिबीच्या रेषेच्या वर आली. बायांना जास्त फायदा झाला. कितीतरी जणी नुसत्या शेतीवर न राहता छोट्या धंद्यात उतरल्या.

हे वाचताना मला सगळ्यात जास्त भावलं ते वेगळंच होतं. त्या दोघांनी फायदा मोजला तो एजंट घरापासून किती जवळ आहेत त्यावरून. टपरीवाले ज्यांच्या जवळ वाढले, त्यांचं जास्त बरं झालं. म्हणजे शंभरातली ती दोन कुटुंबं वर आली ती फोनमुळं खरीच, पण फोन आणि नोट यांच्यामध्ये उभा असलेला, गल्लीतला, ओळखीचा माणूस हाताशी होता म्हणून. मी ते पान दोनदा वाचलं. माझ्या धंद्याबद्दल इतकं आदरानं कुणी लिहिलेलं मी तोवर वाचलं नव्हतं.

आमच्याकडं तो माणूस हाताशी असला तरी फोन हाताशी नसतो. दर सोमवारचा देखावा सांगतो. बाई काउंटरला उभी आहे, फॉर्म भरून झालाय, ओटीपी गेलाय. गेलाय कुठं? आधारला जोडलेला नंबर लेकाचा, लेक चाकणला कंपनीत, फोन गेटवर जमा. जेवणाच्या सुट्टीत तो बाहेर येऊन फोन बघेल तोवर ओटीपीची मुदत संपलेली असते. मग दुसरा पाठवायचा आणि पुन्हा साडेबाराची वाट बघायची. बाई पायरीवर बसून राहते, मी दुसऱ्याचं काम उरकतो. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१९-२१ च्या फेरीत देशातल्या ५४ टक्के बायांकडं स्वतः वापरता येईल असा मोबाइल होता. इंटरनेट कधीतरी वापरलंय असं सांगणाऱ्या बाया ३३ टक्के आणि पुरुष ५७ टक्के. बाहेरच्या जगातलं अंतर याहून मोठं आहे. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या २०२४ च्या आकड्यांप्रमाणं श्रीमंत देशांत शंभरातले ९३ जण इंटरनेटवर आहेत, सगळ्यात गरीब देशांत २७. आकडे वाचताना मला मात्र ती पायरी दिसते. बाईच्या नावानं योजना निघते, खातं तिच्या नावाचं असतं, आणि किल्ली दोनशे-अडीचशे किलोमीटरवर गेटवरच्या खोक्यात पडलेली असते.

मालाच्या भावाचंही असंच आहे. केरळच्या किनाऱ्यावर १९९७ पासून मोबाइलचे टॉवर आले, तेव्हा रॉबर्ट जेन्सन नावाच्या अर्थतज्ज्ञानं तिथल्या तारलीच्या बाजारांचा अभ्यास केला. त्याआधी एका बंदरावर मासळी गिऱ्हाईक नाही म्हणून फेकून द्यावी लागे आणि त्याच सकाळी थोड्या अंतरावरच्या बंदरावर ती मिळत नसे. समुद्रातूनच फोन करून कुठं भाव आहे ते कळायला लागल्यावर नावा तिकडं वळल्या. फेकणं थांबलं, मच्छीमारांचा नफा सरासरी ८ टक्क्यांनी वाढला आणि घेणाऱ्यालाही मासळी ४ टक्के स्वस्त पडली. दोन्हीकडून भलं झालं. अशी उदाहरणं जगात थोडीच असतात.

लातूरच्या आडतीवर सोयाबीन काय निघालं ते आमच्या वडलांना दुपारी दोनला व्हॉट्सअ‍ॅपवर कळतं. त्यांच्या तीन-तीन ग्रुपवर येतं. २०२४ च्या हंगामात हमीभाव ४,८९२ होता आणि बाजारात चार-सव्वाचार हजारांवर क्विंटल जात होतं, हे त्यांना तोंडपाठ होतं. सरकारी खरेदीला ओलावा बाराच्या आत लागायचा. तो नंतर पंधरापर्यंत चालेल असं जाहीर झालं, तेही फोनवरच कळलं. तरी त्यांनी माल गावातल्या व्यापाऱ्यालाच घातला. दिवाळी तोंडावर, मळणीवाल्याचे पैसे द्यायचे, कृषी केंद्राची उधारी, आणि माल ठेवायला कोरडी जागा नाही. त्या मच्छीमाराला भाव कळला तेव्हा त्याच्या हाताखाली नाव होती, वल्हं वळवायची मोकळीक होती. आमच्या वडलांना भाव कळतो आणि ते ओसरीवर बसून राहतात. मी एकदा त्यांना म्हटलं, निदान कळतं तरी. ते म्हणाले, "पयले कळत नव्हतं तवा झोप लागायची."

उसाकडं बघा. १९९८ मध्ये वारणा खोऱ्यातल्या ७० गावांत कॉम्प्युटर बसवले होते. शेतकऱ्याला सगळ्या जगाची माहिती गावात मिळावी हा हेतू होता. काही वर्षांनी मायक्रोसॉफ्टच्या बेंगळुरूच्या प्रयोगशाळेतल्या संशोधकांनी जाऊन बघितलं, तर शेतकऱ्यांना त्यातून मुख्यतः एकच गोष्ट हवी होती, आपल्या उसाचा हिशेब: किती टन गेला, बिल किती निघालं. मग त्यांनी ७ गावांत तेच काम साध्या फोनच्या एसएमएसवर करून दाखवलं आणि लोकांना ते जास्त सोयीचं वाटलं. चांगला प्रयोग होता. त्याच प्रयोगशाळेतले केंतारो टोयामा पुढं सांगू लागले, की यंत्र माणसांमध्ये आधीच असलेली ताकद आणि इच्छा मोठी करतं, नसलेली आणून देत नाही. मला हे पटतं. फक्त त्या खोऱ्यातल्या उसाकडं बघताना मला आणखी एक माणूस दिसतो. त्या पट्ट्यातला ऊस तोडायला आमच्या बीडची माणसं जातात. शेतकऱ्याचा टन कॉम्प्युटरात गेला, मग फोनवर आला. तोडणाऱ्याचा टन मात्र मुकादमाच्या वहीतच राहिला. नवरा-बायको मिळून एक कोयता, उचल आधी घेतलेली, आणि ती किती फिटली हे ज्यानं दिली त्याच्याच अक्षरात लिहिलेलं. ती वही फोनवर आणावी असं कुणाला वाटल्याचं मी पाहिलेलं नाही.

ते आमच्या लोकांनी आपल्या परीनं करायला घेतलंय. तीन वर्षांपूर्वी माझ्या मावसभावाला मुकादम म्हणाला, तुझ्याकडं अजून चाळीस हजार फिरतात. पूर्वी यावर मान खाली घालून पुढच्या हंगामाला जायचं, एवढंच असायचं. तो माझ्या दुकानात आला आणि म्हणाला, मोबाइलमधलं सगळं काढून दे. दीड वर्षात त्यानं मुकादमाला यूपीआयवरून अकरा वेळा पैसे पाठवले होते. मी तारीखवार काढून दिले, दोन पानं झाली, चार रुपये घेतले नाहीत. ती दोन पानं घेऊन तो चार माणसांत बसला. वहीत त्यातल्या सहाच नोंदी होत्या. चाळीसचे सोळा झाले. एवढंच झालं, पण आमच्या घराण्यात मुकादमाच्या वहीपुढं दुसरा कागद पहिल्यांदा ठेवला गेला. रात्री त्याच्या बायकोनं मला भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी धाडली. तंत्रज्ञानानं गरिबाचं काय भलं होतं असं कुणी विचारलं, तर मला ती दोन पानं आठवतात.

आणि त्याच्या शेजारी १९६१ हा आकडाही आठवतो. तोही असाच, मी टाईप केलेला. मावसभावाच्या दोन पानांवर लोकांनी विश्वास ठेवला कारण ती यंत्रातून आली होती. मावशीवर कुणी विश्वास ठेवत नव्हतं त्याचं कारणही तेच होतं. आकडा एकदा आत गेला की तो कुणी टाकला, कशावरून टाकला, उन्हात जनरेटरच्या आवाजात किती सेकंदांत टाकला, हे पुसून जातं. तो खरा होऊन बसतो. मग माणसानं आपल्या अंगावरच्या सुरकुत्या घेऊन त्याच्यासमोर उभं राहायचं आणि पुरावा द्यायचा.

मी मावशीला सांगितलं, तुझं वय मीच चुकीचं लिहिलं होतं. सांगताना तिच्याकडं बघवलं नाही. ती थोडा वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "तुला तरी काय ठावं असनार. तू तवा पोरगं व्हतास." माफी असते ती अशी, आणि ती अंगावर राहते.

आधारातली जन्मतारीख बदलायला जन्माचा कागद हवा. तिच्याकडं जन्माचा नाही, शाळेचा नाही, लग्नाचा तर नाहीच. पंधरा दिवस मी जिथं जमेल तिथं विचारत होतो. सगळीकडं एकच उत्तर, सिस्टिम घेत नाही. कुणी वाईट वागलं नाही, पाणीही विचारलं. पण समोरच्या पडद्यावर तांबडी ओळ आली की माणूस त्या पडद्याच्या मागं जाऊन बसतो, हे मी काउंटरच्या या बाजूनं आयुष्यात पहिल्यांदाच बघत होतो.

मग एका रात्री मला तिची कडेवरची थोरली आठवली. दुसऱ्या दिवशी मावशीला विचारलं, थोरली शाळेत गेली होती का? चौथीपर्यंत गेली होती. तिच्या सासरी जाऊन, शाळेत अर्ज करून दाखला काढायला महिना गेला. दाखल्यावर जन्मतारीख होती १ जून १९७१. गुरुजींची १ जून. मी आयुष्यभर त्या तारखेला हसलो होतो. त्या दिवशी दाखला हातात धरून मी दुकानाचं शटर अर्धं खाली ओढलं आणि बसून राहिलो.

दोन्ही कागद घेऊन आम्ही पुन्हा गेलो. टेबलावर एक बाई होत्या, नव्यानं बदलून आलेल्या. त्यांनी मावशीचं आधार डावीकडं ठेवलं, लेकीचा दाखला उजवीकडं. १९६१. १९७१. वर बघितलं आणि मावशीला विचारलं, "ही तुमचीच मुलगी?" मावशी म्हणाली, "मंग कुनाची? माज्याच पोटची हाय." बाईंनी पेन टेबलावर ठेवलं. शेजारच्या टेबलावरच्या माणसाला बोलावून दोन्ही कागद दाखवले. मग सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरांकडून वयाचा दाखला आणायची चिठ्ठी स्वतःच्या हातानं लिहून दिली आणि म्हणाल्या, हा आला की माझ्याकडंच या, दुसऱ्या कुणाकडं जाऊ नका. डॉक्टरांनी ६६ लिहिलं. पुढं चार महिन्यांनी मंजुरी आली.

पहिला पगार जमा झाल्याचा मेसेज लेकाच्या फोनवर गेला, त्यानं मला फोन केला, मी वाडीवरच्या दूधवाल्याबरोबर निरोप धाडला. मावशी सोमवारच्या बाजाराला आली. अंगठा केसांवरून फिरवला, पदराला पुसला, काचेवर ठेवला. लागला नाही. दुसरा लागला नाही. मी म्हटलं, मावशी, करंगळी ठेव. करंगळीनं हिरवा दिवा लागला. हजार रुपये तिनं दोनदा मोजले, पाचशेची एक नोट परत देऊन सुटे मागितले आणि पिशवी कमरेला खोचताना म्हणाली,

"आता त्या मशिनीत माजं वय किती हाय रं?"

मी पडदा तिच्याकडं वळवला. आधारवर अजून १९६१ च होतं.